पहिल्या नंबरचं दूध

आमच्या दूध केंद्रात मशीन आलं ते माझ्याच हट्टाने. त्याआधी नखावर थेंब टेकवून, वास घेऊन दूध पारखलं जायचं आणि मी सेक्रेटरी असून नुसता वहीत डोकं घालून बसायचो. मशीन आलं आणि मला शिंगं फुटली. दुधात पाणी घालणाऱ्यांची नावं लिहायला मी भिंतीवर फळाच लावला.

पहिलं नाव लागलं मामांचं. हे सगळ्या गावाचे मामा, बादली घेऊन रांगेत कायम पहिले.

"उभ्या जन्मात पाणी नाही घातलं रे," ते म्हणाले.

"मामा, माणूस खोटं बोलेल, मशीन नाही," मी ऐटीत म्हणालो.

"म्हैस पोहून आली असेल!" मागून कुणीतरी खिदळलं. मामाही हसले, पण कसनुसं. चार दिवस ओळीने त्यांचंच नाव लागलं. पाचव्या दिवशी ते आलेच नाहीत.

त्या दिवशी पहिला नंबर माझ्या बायकोचा होता. मशीन म्हणालं, दुधात पाणी. धार तर मी स्वतः काढली होती! पुन्हा तपासलं, तर दूध चोख. रोज सकाळी मी मशीनची नळी धुतो, तिच्यात उरलेलं पाणी पहिल्या दुधात मिसळत होतं. आधी थोडं दूध आतून सोडून फेकून द्या, असं मशीन शिकवायला आलेल्याने बजावलं होतं. वाया कशाला घालवायचं, म्हणून मीच ते टाळत होतो.

फळा पुसून मी तडक मामांकडे गेलो. मामा गोठ्यात धार काढत होते. निम्मं दूध बादलीबाहेर सांडत होतं.

"वहिनी कुठे आहेत?" मी विचारलं. धार नेहमी त्यांची सून काढायची.

"माहेरी गेली. पाणी तूच घालतेस म्हणून नाही नाही ते बोललो तिला. पोरीने शपथ घेतली, रडली. पण मशीन खोटं बोलत नाही ना?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी सगळं सांगून टाकलं. मामांनी बादली बाजूला सरकवली.

"मी जातो मामा, त्यांना घेऊन येतो. चूक माझी आहे."

"तुझी चूक तू सांगशील," मामा म्हणाले. "पण घरात दहा वर्षं वावरलेल्या पोरीचं मी ऐकलं नाही, ते कोण सांगणार? मलाच जायला हवं."

ते उठले, हात धुतले आणि उंबऱ्याशीच थांबले.

"तिने दारात उभं नाही केलं तर रे?"