सोलची वाटी

"लसूण नाही ना पडला त्यात?" सासूबाईंनी स्वयंपाकघरात डोकं घातलं. "वासानं पितरं उंबऱ्यावरूनच परत जातील."

"नाही पडला."

मिह्वा सकाळपासून भोपळ्याच्या चकत्या अंड्यात बुडवून तळत होती. लग्न होऊन कोरियातल्या आन्दोंगला आल्यापासून थोरल्या सुनेच्या वाट्याला हेच. आज सासऱ्यांचं श्राद्ध, मग आजेसासऱ्यांचं, मग तोंडही न पाहिलेल्या म्हाताऱ्यांचं. तिची सहा वर्षांची सोल मागच्या हिवाळ्यात तापाने गेली. आईबापांआधी गेलेल्या लेकराला श्राद्ध नसतं. हे ज्यांनी ठरवलं त्यांना मात्र दरसाल गरम जेवण लागतं.

आजच्या पानांजवळ सोलसाठी एक वाटी भात. कोपऱ्यात, कुणाला दिसणारही नाही असा. आईला विचारतो, असं तिचा नवरा दोक्सू कबूल झाला होता.

संध्याकाळी तो कोट चढवून दारात आला.

"विचारलंत?"

"काका आलेत गं. आज नको."

"मग कधी?"

"मेलेल्या पोरीला आजोबांच्या पंगतीला बसवलं म्हणतील लोक."

"पोर तुमचीच होती."

तो कोटाची बटणं लावत बैठकीकडे गेला.

धाकटी जाऊ सूप ओतत म्हणाली, "जाऊबाई, या घरात मेल्याशिवाय बाईला बसून खायला मिळायचं नाही." म्हणाली आणि तिनं जीभ चावली. मद्याची किटली उचलून ती बाहेर सटकली.

बैठकीत पुरुष वाकले. दोक्सूने बापाच्या भातात चमचा उभा खोवला. सगळे बाहेर आले, दार लोटलं. जेवणाऱ्याला एकांत द्यायचा असतो. थोड्या वेळाने काका तीनदा खाकरले आणि मगच दार उघडलं. आत शिरण्याआधी मेलेल्यांना तेवढी चाहूल द्यायची, ही रीत.

मिह्वाने स्वयंपाकघराची कडी लावली. सोलची निळी वाटी काढली, भात वाढला, वर दोन चकत्या ठेवल्या. छोटा चमचा मधोमध उभा केला आणि वाटीकडे पाठ करून ती भिंतीकडे तोंड करून बसली.

दार हललं. "अगं, पाहुणे जेवायचे खोळंबलेत," सासूबाई म्हणाल्या. "कडी कशाला लावलीस?"

"थांबा. सोल जेवतेय."

बाहेर कुणीतरी श्वास ओढला. दोक्सूची पावलं दारापाशी येऊन थांबली.

मिह्वा त्याच्या खाकरण्याची वाट बघत बसली. तव्यातलं तेल निवून गेलं. बाहेर ना कुणी खाकरलं, ना दार पुन्हा हललं.