वरकामाचा माणूस

पीचचा केक तिने पहिल्यांदा दवाखान्यात नेला तेव्हा खोटं बोलायचं तिच्या ध्यानीमनीही नव्हतं. डबा उघडला, दातांच्या डॉक्टरीणबाईंनी एक तुकडा तोंडात टाकला, डोळे मिटले आणि म्हणाल्या, "अगं, काय हात आहे तुझा!" तेवढ्यात पुढचा पेशंट खुर्चीत येऊन बसला. तिने हातमोजे चढवले, लाळ ओढायची नळी उचलली, आणि 'माझा नाही हो, सासऱ्यांचा' हे वाक्य राहिलं ते राहिलंच. चांगले दोन उन्हाळे राहिलं.

अकरा वर्षं ती त्या दवाखान्यात मदतनीस होती. दातांत भरायचं सिमेंट कालवायचं, आरसा पुढे करायचा, चिमटा मागायच्या आत हातात द्यायचा. त्या हाताबद्दल अकरा वर्षांत कुणी चकार शब्द काढला नव्हता. आणि आता एका केकच्या तुकड्यावर सगळा दवाखाना तिच्या हाताचं कौतुक करत होता. तिला ते गोड लागलं. दुसऱ्यांदा कुणी विचारलं तेव्हा ती सरळच म्हणाली, "हो, मीच केला. इटलीतला आहे, उन्हाळ्यात करतात तिकडे. अगदी सोपा असतो."

सोपा होता, पण सासऱ्यांना. ती त्यांना बाबा म्हणायची. तीस वर्षं ते मालवाहू बोटीवर आचारी होते. एकदा इटलीच्या कुठल्याशा बंदरात बोटीचं इंजिन बिघडलं आणि सहा आठवडे सगळे तिथेच अडकले. तिथल्या खाणावळीच्या मालकिणीला यांची भाषा येईना, यांना तिची. तरी तिने यांना शेजारी उभं करून हा केक शिकवला. अंडी आणि साखर पांढरट होईपर्यंत फेटायची. त्यात तेल, थोडं दूध, लिंबाची किसलेली साल. मग मैदा, इतका की चमचा त्यात उभा राहिला पाहिजे. वर सालीसकट पीचच्या फोडी गोल गोल रचायच्या आणि मूठभर साखर भुरभुरायची, म्हणजे वरून कुरकुरीत पापुद्रा येतो. "पीच दाबून बघायचा नाही," बाबा सांगायचे, "हुंगून बघायचा. दाबून बघणारा माणूस दुसऱ्याचा माल नासवतो."

सासूबाई गेल्यावर, चार वर्षांपूर्वी, बाबा मुलासुनेकडे राहायला आले होते. त्यांचं काही ओझं नव्हतं. पेपर वाचायचे, संध्याकाळी बागेत फिरायचे, लहर लागली की ओव्हन लावायचे. सुनेने केक दवाखान्यात नेला की त्यांना मनातून बरं वाटायचं. "काय म्हणाले गं?" ते विचारायचे. "आवडला," ती म्हणायची आणि चपला काढायच्या निमित्ताने खाली वाकायची.

दुसऱ्या उन्हाळ्यात दवाखान्याला वीस वर्षं झाली. डॉक्टरीणबाईंनी दुपारचं छोटंसं जेवण ठेवलं, त्यांना शिकवणारे म्हातारे सर यायचे होते. "केक तुझाच," त्या म्हणाल्या, "आणि दोन हवेत." बाबा पहाटे उठून कामाला लागले. पण ओव्हनमध्ये एका वेळी एकच भांडं बसायचं. तिची निघायची वेळ झाली तेव्हा दुसरा केक अजून आत होता.

"तू हो पुढे," बाबा म्हणाले, "मी बसने घेऊन येतो."

"दारातच कुणाकडे तरी द्या हं," ती म्हणाली. "आत गर्दी असेल, तुम्हाला उगाच त्रास."

दारात कुणी नव्हतं. सगळे आतल्या खोलीत टेबलाभोवती जमले होते. बाबा सरळ आत आले. घरातला शर्ट, कोपराला मैदा, पायात साध्या सपाता, आणि हातात ओट्यावरच्या फडक्यात बांधलेलं गरम भांडं. त्यांनी ते टेबलावर ठेवलं आणि आचाऱ्याच्या सवयीने म्हणाले, "दहा मिनिटं हात लावू नका याला. बूड अजून ओलं आहे."

कवळ्या बनवणारा कारागीर, ज्याला सगळे कवळीवाला म्हणत, तो हसला. "आजोबांना बरीच माहिती दिसते! हे कोण?"

सगळ्यांच्या माना तिच्याकडे वळल्या. डॉक्टरीणबाई, म्हातारे सर, कवळीवाला, आणि बाहेर पेशंटांच्या नोंदी ठेवणारी बाई, जिला सगळ्यांच्या तारखा तोंडपाठ म्हणून 'डायरी' नाव पडलं होतं. सासरे म्हणावं तर पुढचा प्रश्न ठरलेला होता, केक कुणी केला. आणि बाबांना खोटं बोलता येत नव्हतं. तोंडातून शब्द निघून गेल्यावरच ते तिला ऐकू आले.

"ते... आमच्याकडे असतात. वरकामाला."

बाबांनी तिच्याकडे पाहिलं. फार वेळ नाही. मग म्हणाले, "हो. मॅडम, फडकं परत नेऊ ना?"

तिने फडकं सोडवलं. गाठ लवकर सुटेना. डॉक्टरीणबाई भल्या बाई होत्या, त्यांनी पहिल्या केकचा एक तुकडा कागदी रुमालात गुंडाळला आणि बाबांच्या हातात दिला. "घ्या आजोबा. तुमच्या मॅडमनी काय केक केलाय, खाऊन तर बघा!"

बाबांनी तो घेतला, मान लववली आणि निघून गेले.

त्यानंतर कोण काय बोललं, सरांनी कुठले किस्से सांगितले, तिला काही आठवत नाही. ती हसत होती एवढं आठवतं. गाल दुखेपर्यंत.

संध्याकाळी घराच्या जिन्यात ती बराच वेळ उभी राहिली. आत गेल्यावर बाबा ओरडतील, निदान अबोला धरतील, मग आपण पाय धरू, अशी तिने मनाशी तयारी केली होती. बाबा सोफ्यावर पेपर वाचत होते. "आलीस?" ते म्हणाले. नेहमीसारखंच. जेवताना नवऱ्याने विचारलं, "कसा झाला कार्यक्रम?" ती घास गिळेपर्यंत बाबाच म्हणाले, "चांगला झाला असणार. भात वाढ मला थोडा."

दुसऱ्या दिवशी ती उठली तर रात्रीची भांडी घासून पालथी घातलेली होती. तिसऱ्या दिवशी फरशीही पुसलेली. चौथ्या दिवशी कपड्यांच्या घड्या, तिच्या कपड्यांच्यासुद्धा. बाबा टोमणा मारताहेत, तिने ठरवून टाकलं. शब्दाने नाही तर फडक्याने. "बाबा, ठेवा हो ते, मी करते," ती म्हणायची. "असू दे, असू दे," म्हणत ते खराटा घेऊन बाल्कनीत जायचे. केकचं नाव त्यांनी काढलं नाही. टोपलीतले पीच सुरकुतायला लागले, त्यांच्यावर चिलटं बसायला लागली.

रविवारी दुपारी नवरा मित्राकडे गेला, बाबा झोपले होते. तिने ओव्हन लावला. का, ते तिला नीटसं सांगता आलं नसतं. दोन वर्षं जो केक आपला म्हणून मिरवला तो निदान एकदा तरी आपल्या हातून व्हावा, असं काहीतरी. तिने अंडी फोडली, एकाचं कवच आत पडलं, ते बोटाने काढलं. लिंबाची साल किसताना बोट सोलवटलं. मिश्रण पातळ वाटत होतं, पण होईल आत गेल्यावर घट्ट, अशी तिने स्वतःची समजूत घातली. पीच इतके पिकले होते की फोडी हातात येईनात, नुसता लगदा. अर्ध्या तासाने तिने ओव्हनचं दार उघडलं तेव्हा एकही फोड वर नव्हती. सगळ्या बुडाला जाऊन बसल्या होत्या आणि मधोमध खड्डा पडला होता.

"पीठ कमी पडलं," मागून आवाज आला. बाबा दारात उभे होते. "आणि ते पीच केकचे राहिले नव्हते. त्यांचा मुरंबा करायला हवा होता."

तिने भांडं ओट्यावर ठेवलं. पाठमोरीच म्हणाली, "बाबा, त्या दिवशी मी तुम्हाला..."

"काय म्हणालीस ते माहीत आहे मला. मी तिथेच होतो."

"मला लाज वाटली."

"माझी?"

"नाही!" ती गर्रकन वळली. "पकडली जाईन म्हणून. केक मी करते असं सांगितलं होतं मी सगळ्यांना. पहिल्या दिवसापासून."

"ते त्या बाईंच्या बोलण्यावरून कळलंच." बाबा स्टुलावर बसले. "त्याचं काही नाही गं. बोटीवर आमचा कप्तान पाहुण्यांना माझ्या हातचं जेवण वाढायचा आणि सांगायचा, सगळं माझ्या देखरेखीखाली झालंय. आम्ही आत हसायचो. त्या बाईंनी दिलेला तुकडाही खाल्ला मी, बसथांब्यावर. चांगला झाला होता."

ती हसली नाही. तेही हसले नाहीत.

"पण वरकामाला म्हणालीस ना, ते डोक्यात घेऊन बसमध्ये बसलो. म्हटलं, पोर खोटं कुठे बोलली? चार वर्षं राहतोय, खातोय. करतो काय? कधीमधी एखादा केक. वरकामाला माणूस ठेवला तर तो निदान फरशी तरी पुसतो. मग म्हटलं, आपणही करावं. जेवढं होतंय तेवढं."

तिला वाटलं होतं, टोमणा आहे. टोमणा असता तर बरं झालं असतं. हा माणूस आठवडाभर पहाटे उठून, गुडघे धरून, या घरात राहायचा हक्क कमवत होता. आणि तिला आठवलं, शुक्रवारी सकाळी लखलखीत ओटा बघून आपल्याला क्षणभर बरंच वाटलं होतं. चला, आज एक काम वाचलं, असं. ते आठवल्यावर तिला बाबांकडे बघवेना. ती खाली फरशीवर बसली. फरशी स्वच्छ होती.

"रडू नकोस," बाबा म्हणाले. "मला सुचत नाही कुणी रडलं की."

रात्री जेवणानंतर तिने नवऱ्याला सगळं सांगितलं. तो तिच्याकडे अनोळखी बाई असल्यासारखा बघत राहिला आणि उठून दुसऱ्या खोलीत गेला. दोन दिवस बोलला नाही. शेवटी बाबांनीच त्याला झापलं, "अपमान माझा झालाय. अबोला धरायचा तर मी धरीन. तू कशाला मध्ये?"

इकडे सोमवारीच तिने तो बसका केक डब्यात घालून दवाखान्यात नेला. जेवणाच्या सुट्टीत टेबलावर ठेवला आणि बसायच्या आत बोलून टाकलं, नाहीतर धीर सुटला असता. "हा मी केलाय. आधीचे सगळे माझ्या सासऱ्यांनी केले होते."

कवळीवाल्याने खड्ड्याकडे पाहिलं आणि तोंड दाबलं. डायरी म्हणाली, "मला शंका होतीच. एका वर्षी तीन अंडी सांगितलीस, दुसऱ्या वर्षी चार. मला वाटायचं, बेकरीतून आणतेस."

म्हणजे डायरीने केव्हाच ओळखलं होतं आणि भिडेखातर गप्प बसली होती. तिच्या कानाच्या पाळ्या तापल्या. पण अजून संपलं नव्हतं.

"आणि परवाचे आजोबा?" डॉक्टरीणबाईंनी विचारलं.

"तेच. माझे सासरे."

डॉक्टरीणबाईंनी चमचा खाली ठेवला. "मी त्यांना तुकडा बांधून दिला," त्या हळूच म्हणाल्या. "'तुमच्या मॅडमनी केलाय' म्हणून. त्यांचाच केक, त्यांनाच. तू समोर उभी होतीस."

"हो."

"मलासुद्धा ओढलंस तू यात."

त्यापुढे दिवसभर त्या 'आरसा', 'चिमटा', 'नळी' याखेरीज काही बोलल्या नाहीत. कवळीवाल्याने मात्र भलेपणाने एक तुकडा खाल्ला आणि म्हणाला, "चव आहे हं." त्याने तसं म्हणायला नको होतं असं तिला वाटलं.

आठवड्याने डॉक्टरीणबाईंनी बाबांसाठी निरोप दिला. एकदा या, सगळ्यांना भेटा, मला माफी मागायची आहे. तिने घरी येऊन उत्साहाने सांगितलं. बाबांनी पेपर खाली केला.

"मी नाही येणार."

"त्यांना खरंच वाईट वाटतंय, बाबा."

"वाटू दे. त्यांची काही चूक नाही, सांग त्यांना. पण परवा तू मला तिथे नोकर म्हणून दाखवलंस. आता सासरा म्हणून दाखवायला नेऊ नकोस. दोन्ही वेळा मी आपला उभा राहणार आणि लोक बघणार." त्यांनी पेपर पुन्हा वर केला. "तुला बरं वाटावं म्हणून मी कशाला बस पकडू?"

माफी मागितली की आपलं ओझं उतरतं आणि समोरच्याने ते हसत उचलून बाजूला ठेवायचं असतं, असं ती धरून चालली होती.

भांडी ती आता स्वतः घासते. बाबा हट्टाने पुसून ठेवतात, त्यावर दोघांची तडजोड झाली. फरशीला तिने त्यांना हात लावू दिला नाही. ते पूर्वीसारखे बागेत जातात. पण 'काय म्हणाले गं?' असं दवाखान्याबद्दल त्यांनी पुन्हा विचारलं नाही, आणि पूर्वी जो प्रश्न टाळायला ती खाली वाकायची, तो आता कानावर यावा म्हणून दारात रेंगाळते.

पीचचे दिवस संपत आले तेव्हा एका सकाळी बाबा पिशवी घेऊन आले. आठ पीच, घट्ट, वासाचे. ते त्यांनी ओट्यावर मांडले आणि ती दवाखान्याला निघत असताना म्हणाले, "आज लवकर येशील?"

"येते. का?"

"अंडी तू फोडायचीस. मी बसून सांगणार."

ती चारलाच घरी आली. बाबा स्टुलावर बसले आणि खरोखरच जागचे हलले नाहीत. साखर फेटून तिचा दंड भरून आला तरी म्हणाले, "अजून." मैदा घालताना तिने दोनदा विचारलं, "बस?" आणि दोन्ही वेळा त्यांनी नाही म्हणून मान हलवली. तिसऱ्या वेळी तिने न विचारता चमचा मिश्रणात उभा केला. तो हळूहळू एका बाजूला कलला.

"घट्ट नाही झालं," बाबा म्हणाले. "अजून थोडं घाल."

तिने मैद्याचा डबा पुढे ओढला.