चावीचा कॅमेरा आणि गच्च भरलेलं रीळ

मी चावीचा कॅमेरा बोलतोय! फिल्मवाला, खडखड वाजणारा. सोलापुरातल्या एका बंद स्टुडिओच्या कपाटात वीस वर्षं धूळ खात पडलो होतो. दीक्षानं मला उचललं, फुंकर मारली, चावी दिली. मी खडखडलो आणि ही पोरगी चक्क नाचली!

दीक्षा चित्रकार. तिची आई नागूबाई अक्कलकोट रोड एमआयडीसीत मागावर टॉवेल विणतात. पहिलं रीळ आम्ही तिथंच संपवलं. ताण्यातून सूत घेऊन इकडून तिकडं पळणारा धोटा, तुटलेला धागा जोडणारी नागूबाईंची बोटं. ते रीळ दीक्षानं घरी फळीवर ठेवलं, नव्या रिळाशेजारी.

आणि लिस्बनच्या एका कलासंस्थेकडून बोलावणं आलं! महिनाभर राहा, शहर तुम्हाला दिसलं तसं तीन मिनिटांच्या फिल्मवर दाखवा.

बॅग भरली नागूबाईंनी. मागावरची सुताची कांडी वापरून संपली की रिकामी होते. हे रीळ तर गच्च भरलेलं, म्हणजे कोरंच, असं समजून त्यांनी नेमकं वापरलेलंच घातलं.

लिस्बन! काय सांगू राव! चढाच्या गल्ल्या, पिवळी ट्राम, खिडकीखिडकीत वाळत घातलेले कपडे! दीक्षानं रीळ चढवलं आणि मी ते लगेच ओळखलं. अगं पोरी, हे एकदा माझ्या पोटातून गेलंय! पण मला खडखडण्यापलीकडं येतंय काय? ती आपली धावतेय, हसतेय, एका बाईला विचारून दोरीवरचा टॉवेल उलटा करून वीण बघतेय. घरची खोड, दुसरं काय.

गावी आल्यावर फिल्म धुऊन घेतली, प्रोजेक्टरनं घरच्या भिंतीवर लावली. दुसऱ्या दिवशी लिस्बनला पाठवायची होती. पहिल्याच चित्राला दीक्षानं कपाळावर हात मारला. एकाच फिल्मवर दोन्हीकडची चित्रं उमटलेली. ट्राम चढ चढतेय आणि तिच्यातून धोटा पळतोय!

"आई, वापरलेलं रीळ दिलंस? सगळी माती झाली गं!"

"भरल्यालं व्हतं की गं. मला वाटलं, नवंच हाय."

नागूबाईंचा चेहरा एवढासा झाला. पण नजर भिंतीवरून हलेना. तिथल्या नदीवर त्यांची बोटं धाग्याला गाठ मारत होती.

"आगं बया! म्या कवा गेले गं तितं? हितल्या वैरागच्या म्होरं कुटं गेले न्हाय की!"

दीक्षा रडता रडता हसली. "गेलीस की आई. महिनाभर माझ्याबरोबरच होतीस."

फिल्म तशीच्या तशी लिस्बनला गेली.

मी आता फळीवर असतो. नागूबाई रोज मला टॉवेलानं पुसतात. शेजारच्या कोऱ्या रिळाला त्यांनी लाल धागा बांधलाय, कुणाला हात लावू देत नाहीत. पण परवा हळूच म्हणाल्या, "दीक्षे, ह्ये बी आदी मागावर फिरवून आण की."

चला, कुणीतरी चावी द्या हो! नागूबाईंना अजून लई जग बघायचंय.