दृष्टीला बांधलेला ग्लोव्ह

मित्रांनो, मी एक जुना ग्लोव्ह आहे, बेसबॉलचा. क्रिकेटच्या कीपरचा नव्हे. या घरात सगळे तसंच समजतात. हल्ली मी बंगळुरातल्या एचएसआर लेआउटमधल्या एका चकचकीत गाडीच्या मागे, लिंबू-मिरचीच्या शेजारी लोंबकळतो.

माझा जन्म जालंधरचा, पण मला घडवलं सुखदाने. बेळगावात शाळेत असल्यापासून ती दुसऱ्या बेसजवळ उभी राहायची आणि जमिनीलगत सरपटत येणारे चेंडू माझ्यात अडवायची. खेळ संपला की मला तेल चोळायची, पोटात चेंडू ठेवून सुतळीने घट्ट बांधायची. त्यानेच माझ्या तळव्याला तिच्या हाताजोगा खळगा पडला. तिचे कोच शिवकुमार सर सांगायचे, "एकोणिसाव्या शतकातले खेळाडू उघड्या हातानंच झेलायचे की. बोटं वाकडी व्हायची, आणि ग्लोव्ह घालणाऱ्याला लोक भित्रा म्हणून हसायचे." ते ऐकून मी फुशारायचो. ती राज्याच्या संघातून खेळली तेव्हा फोटोत मीही होतो.

मग तिचं लग्न झालं, पुण्याच्या यशोवर्धनशी. सगळे बंगळुरात राहायला आले आणि माझी जागा माळ्यावर, कुकरच्या खोक्यामागे. "आता कुठे खेळणार आहेस?" एवढंच तिच्या सासूबाई, सुनंदाबाई, म्हणाल्या. घरात वाईट कुणीच नव्हतं. नुसतं दुर्लक्ष होतं, आणि त्याला कुणी वाईट म्हणत नाही.

यंदा शिवकुमार सरांचा फोन आला. दसऱ्यानंतरच्या रविवारी इथेच महिला संघाची निवड होती. "वय बघता ही शेवटचीच संधी की गं," ते म्हणाले. सुखदाने मला खाली काढलं, तेल चोळलं, चेंडू बांधला आणि गॅलरीत ठेवलं. त्या दिवशी ती गुणगुणत होती.

खंडेनवमीला इथे आयुधपूजा म्हणतात आणि ती दणक्यात करतात. लॅपटॉपला कुंकू, मिक्सरला फूल, नव्या गाडीला हार. सुखदा आत ताट सजवत होती. खाली वॉचमन नागराज म्हणाला, "सर, दृष्टिगे हळे चप्पली कट्टी." गाडीला दृष्ट लागू नये म्हणून जुनी चामड्याची चप्पल बांधायची. घरात सगळ्या चपला रबराच्या.

"गॅलरीत ते जुनं चामड्याचं काहीतरी पडलंय बघ," सुनंदाबाईंनी सुचवलं.

यशोवर्धनने सुतळी सोडली, चेंडू भिरकावला आणि माझ्या तळव्यातून तार आरपार घातली.

सुखदा ताट घेऊन आली आणि बघतच राहिली. "यश, ते माझं आयुध होतं."

"सॉरी, मला वाटलं जुनं आहे. नवीन ऑर्डर करू ना."

"आणि चामडं देवापुढे ठेवत नाहीत गं," सुनंदाबाई म्हणाल्या. मग गाडीत वाकून त्यांनी सीटांना हळदकुंकू वाहिलं. सीटा अस्सल चामड्याच्या होत्या.

रविवारी यशोवर्धनने तिला मैदानावर नेलं. गाडी कुंपणालगत उभी होती, म्हणून मला सगळं दिसलं. तळव्याला भोक पडलेला मी आता झेलायच्या कामाचा नव्हतो, आणि नवा ग्लोव्ह पुठ्ठ्यासारखा कडक. चेंडू आला, त्यातून उसळला, आणि तिने उघडा उजवा हात घातला. बोट मोडलं. तिच्या जागी दुसरीची निवड झाली.

घरी आल्यावर सुनंदाबाईंनी तिच्यावरून मीठमोहऱ्या उतरवल्या. "कुणाची दृष्ट लागली गं पोरीला," असं अगदी खऱ्या कळवळ्याने म्हणाल्या.

मित्रांनो, घरातल्या जुन्या वस्तूला हात लावण्याआधी एकदा विचारा, ही कुणाची आहे. बाकी माझं काय, नेमून दिलेलं काम मी चोख करतोय. गाडीवर अजून एक ओरखडाही नाही.