अंगठ्याची खाच

मी एक जुना लाकडी दंडा आहे, आणि आधीच सांगून टाकतो, मी भित्रा आहे. हातभर लांब, मनगटाएवढा जाड, दोन्ही टोकांना पितळी टोप्या. हल्ली एका संग्रहालयात, खिडकीजवळच्या कपाटात असतो. परवा इथल्या बाई एका सुताराला घेऊन आल्या. त्याने मला उलटंपालटं केलं आणि म्हणाला, "इथं खाच पडलीये. लुकण भरून रंग मारला की नव्यासारखा दिसेल. शनिवारी येतो." म्हणून मित्रांनो, ती खाच कशाची ते घाईघाईने सांगतो.

दीडशे वर्षांपूर्वी डोंगर फोडून आमची रेल्वे झाली. वरचं स्टेशन आणि खालचं स्टेशन, मध्ये सात मैल, आणि त्यात एक लांबलचक, वळणाचा बोगदा. रूळ मात्र एकच. म्हणजे वरून एक गाडी आणि खालून दुसरी निघाली, तर काय होईल ते तुम्हीच समजा, माझ्याच्याने बोलवत नाही. म्हणून नियम केला होता: दंडा ज्या ड्रायव्हरच्या हातात, त्याचीच गाडी जाणार. दंडा एकच, म्हणून गाडीही एकच. तो दंडा मी. उद्घाटनाला बँड वाजला, इंजिनाला हार घातले. माझ्याकडे कुणी ढुंकूनही पाहिलं नाही, आणि मला तेच बरं वाटलं.

आमच्या एका ड्रायव्हरला सगळे 'भागूबाई' म्हणत. मिशा ह्या एवढ्या, पण स्वभाव माझ्यासारखाच. रुळावर मांजर दिसलं तरी शिट्टी वाजवायचा. बोगदा आला की एका हाताने मला घट्ट धरायचा आणि अंगठ्याचं नख माझ्या अंगात रुतवायचा. बारा वर्षं रोज रुतवलं. तीच ही खाच. आम्हा दोघा भित्र्यांचं छान जमायचं.

पण माझ्यापायी एका माणसाचे हाल व्हायचे. कधीकधी मी असायचो वर आणि गाडी खोळंबायची खाली. मग खालचा सांधेवाला, म्हणजे गाड्यांचे रूळ बदलणारा गडी, मला आणायला सात मैल चालत यायचा. त्याचे गुडघे पार गेले होते. खालचे स्टेशनमास्तर मनाने फार चांगले, त्यांना ते बघवेना. एक दिवस त्यांनी मला गुपचूप सुताराकडे नेलं आणि हुबेहूब माझ्यासारखा दुसरा दंडा करून घेतला. "अडीनडीला असू दे," असं म्हणून कपाटात ठेवला.

त्या रात्री आम्ही शेजारी शेजारी होतो. आधी मला आनंद झाला, म्हटलं, चला, भाऊ मिळाला! आणि मग एकदम अंगावर काटा आला. दंडे दोन, म्हणजे गाड्याही दोन निघू शकतात. अहो, मी एकटा होतो म्हणून तर माझा उपयोग होता!

आठवड्याच्या आत तो दिवस उगवला. वाऱ्याने तारेचे खांब पाडले, दोन्ही स्टेशनांचं बोलणं बंद झालं. मी वर होतो. वरची गाडी भागूबाईचा जावई चालवायचा. पहिल्याच डब्यात त्याची बायको, म्हणजे भागूबाईची मुलगी, दोन महिन्यांच्या बाळाला घेऊन बसली होती. इंजिनाची नळी फुटली, ती दुरुस्त होईपर्यंत तीन तास गेले. "आता बघाच, सगळा उशीर भरून काढतो!" म्हणत जावयाने मला खुंटीला अडकवलं आणि गाडी सोडली.

तो मजेत गुणगुणत होता. माझ्या डोळ्यांपुढे मात्र ते खालचं कपाट. तीन तास गाडी आली नाही. तारही नाही. मास्तरांना वाटलं असेल, वरची गाडी आज येतच नाही. कपाट उघडलं असेल का? भाऊ कुणाच्या हातात दिला असेल? मला ओरडायचं होतं, "अरे, हळू! थांब!" पण लाकडाला कसलं आलंय तोंड? बोगद्यात शिरलो. धूर, अंधार, चाकांचा खडखडाट. त्या खडखडाटात मला सारखा दुसऱ्या चाकांचा आवाज ऐकू येई. वळण आलं. मी मनात म्हटलं, संपलं.

पण वळणापलीकडे उजेड होता.

स्टेशनात तेवढे रूळ दोन; शिरताना पाहिलं तर शेजारच्या रुळावर खालची गाडी वाफ सोडत उभी, आणि तिच्या चाकांपुढे रुळावर कुणीतरी मांडी ठोकून बसलेलं. तो भागूबाई होता!

जावयाला सगळं सांधेवाल्याने सांगितलं. उतारू ओरडत होते, तेव्हा मास्तरांनी दुसरा दंडा काढून भागूबाईला दिला. ह्याने धरला आणि लगेच म्हणाला, "हा तो नव्हे. माझा अंगठा बसत नाही."

"दंड्यासारखा दंडा आहे! चल, निघ!" मास्तर वैतागले.

"भागूबाई घाबरली!" उतारू हसायला लागले.

"घाबरलो तर घाबरलो! तो दंडा येईपर्यंत इथून हलणार नाही," असं म्हणून, दुसऱ्या कुणालाही गाडी काढता येऊ नये म्हणून, हा स्वतःच्याच इंजिनापुढे जाऊन बसला. त्याला अर्धा तास झाला होता.

आता कुणी हसत नव्हतं. मास्तरांनी मला जावयाच्या हातातून घेतलं आणि मी त्यांच्या हातातून खाली पडलो. मग त्यांनी तो दुसरा दंडा स्वतःच्या हाताने इंजिनाच्या भट्टीत टाकला. "साहेब, माझ्या गुडघ्यांचं मनावर घेऊ नका," सांधेवाला म्हणाला. "मी चालेन." मला भावाचं वाईट वाटलं. त्याचा काय दोष होता?

भागूबाई लेकीच्या डब्यापाशी गेला. बाळाच्या तळपायाला काळं बोट लावलं. मग त्याने मला उचललं, खाचेत अंगठा ठेवला आणि गाडी बोगद्याकडे काढली. बोगदा आला तसं त्याने नख नेहमीसारखं रुतवलं. मलाही तेच हवं होतं.

पुढे ती रेल्वे बंद पडली, रूळ उपटून नेले. मी कितीतरी वर्षं एका शेडच्या दाराला टेकू म्हणून राहिलो. तरी खाच टिकली. उद्या शनिवार. मित्रांनो, तुमच्यापैकी कुणी आलंच, तर त्या सुताराला एवढं सांगा: हवं तर टोप्या घास, धूळ पूस, पण लुकण भरू नकोस. आधी तुझा अंगठा तिथे ठेवून बघ.