चक्कीखालचा बीम

श्टाइगरच्या दुकानात एका सायकलवर छताचा पोपडा पडला, तिथून हे सगळं सुरू झालं. सायकल गिऱ्हाइकाची आणि गिऱ्हाईक नेमकं वकील, त्यामुळे पोपडा तळहाताएवढा असला तरी गवगवा अख्ख्या आवारात झाला.

त्याचं छत म्हणजे माझी जमीन. जर्मनीतल्या बॉबलिंगेनमध्ये एका जुन्या मोज्यांच्या कारखान्याची मागची इमारत आहे. तिथे खाली श्टाइगर सायकली दुरुस्त करतो आणि वरच्या मजल्यावर माझी पिठाची चक्की चालते. ज्वारी, बाजरी, थालीपिठाची भाजणी आणि दिवाळी आली की चकलीची. इथल्या मोटारींच्या कंपन्यांत जेवढे मराठी इंजिनियर आहेत, त्यांच्यातल्या निम्म्यांच्या भाकऱ्या तरी माझ्या पिठाच्या असतात. ही बढाई नाही. बढाई मारायची तर माझ्याकडे आणखी बरंच आहे.

इमारतीची मालकीण फ्राऊ हेबर्ले आली, मान वर करून छताच्या बीमला पडलेल्या भेगा पाहिल्या आणि अगदी गोड आवाजात म्हणाली की दुरुस्ती ती करून देईल, पण दिवाळीच्या आत, ऑक्टोबर संपेपर्यंत, बीम सुरक्षित असल्याची सही इंजिनियरकडून आली नाही तर चक्की हलवावी लागेल. गोड आवाजात बोलणाऱ्या माणसांची मला जास्त भीती वाटते. अडुसष्टाव्या वर्षी चक्की हलवून मी कुठे नेणार होते?

माझी सून मुक्ता हेच काम करते. स्टाटिकरिन म्हणतात इथे तिला, इमारतीचं वजन कुठून निघून कुठे जातं ते पाहणारी इंजिनियर. राजसशी लग्न करून पुण्याहून आली तेव्हापासून ती दर शनिवारी चक्कीवर येते आणि मी तिला फोन घ्यायला आणि पुड्यांवर लेबलं लावायला बसवते. पोत्यांना आणि दगडांना मी कुणाला हात लावू देत नाही. राजसचे बाबा होते तेव्हा त्यांनाही देत नव्हते. मग पोरगी लेबलं इतक्या जोरात चिकटवते की तिच्या मनातलं मला कळतं.

तर मुक्ता तिच्या ऑफिसतर्फे आली. श्टाइगरच्या दुकानात शिडी लावून एक यंत्र बीमवर फिरवू लागली. काँक्रीटच्या आत लोखंडी सळया कुठे आणि किती आहेत ते त्या यंत्राला कळतं म्हणे. बाजूंना नीट कळलं. बीमच्या खालच्या अंगाला आणलं की मात्र ते वेड्यासारखं ओरडायला लागायचं. तिने बॅटरी बदलली, दुसरं यंत्र मागवलं, तेही तसंच ओरडलं. तिच्या कपाळाला आठी पडली. माझं सगळं वजन, म्हणजे दोन्ही चक्क्या आणि धान्य धरून, या बीमला जड होतं आणि त्याने तो वाकला होता, एवढं तिला दिसत होतं. पण यंत्र का ओरडत होतं?

मला कुणाच्या कामात नाक खुपसायची सवय नाही असं मी म्हणणार नाही. ती वर आकडेमोड करत बसली तेव्हा मी खाली जाऊन उभी राहिले. त्या दुकानाचं छत बुटकं आहे आणि श्टाइगर ताडमाड. काम करताना हाताशी असावेत म्हणून त्याने आपले बारीक पाने थेट बीमच्या पोटाला लटकवलेले असतात. मी ते इतकी वर्षं पाहत आले होते. त्या दिवशी पहिल्यांदा मला प्रश्न पडला की ते लटकतात कशाला? जवळ जाऊन पाहिलं तर लोहचुंबकाची एक पट्टी होती, आणि तिला ना खिळा ना स्क्रू.

मी श्टाइगरला विचारलं. तो म्हणाला, ती पट्टी त्याच्या वडिलांपासून तिथे आहे, चिकटते म्हणून चिकटवली. काँक्रीटला लोहचुंबक कसं चिकटेल, असं विचारल्यावर त्याने पाना खाली ठेवला आणि वर पाहिलं.

मी जिन्यातूनच मुक्ताला हाक मारली. तिने चुंबक काढून पुन्हा लावलं, मग पत्र्याने रंग खरवडला. रंगाचे थर एकावर एक निघत गेले, पांढरा, पिवळा, पुन्हा पांढरा, आणि शेवटी करडं पोलाद दिसलं. बीमच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत वीतभर रुंद पट्टी चिकटवलेली होती. यंत्र बिचारं खरं तेच ओरडत होतं.

"अहो आई, याला आधीच कुणीतरी बळकटी दिलीय," मुक्ता म्हणाली, आणि तिचे डोळे लहान मुलीसारखे चमकत होते.

आता कोडं सुटायच्या ऐवजी दुप्पट झालं. वाकणाऱ्या बीमच्या पोटाला पोलादी पट्टी चिकटवतात, कारण वाकताना पोट ताणलं जातं आणि तो ताण पोलाद घेतं. पण इथे पट्टी असून बीम असा वागत होता की जणू पट्टी नाहीच. गोंद सुटला असेल म्हणून मुक्ताने हातोडीने इंचाइंचावर टकटक करून पाहिलं. गोंद सुटला की पोकळ आवाज येतो. माझाही कान लावून घेतला. कुठेही पोकळ वाजलं नाही, पट्टी घट्ट बसलेली होती. मग ती काम का करत नव्हती?

पुढचे दोन-तीन दिवस आमच्या घरात दुसरा विषय नव्हता. राजस जेवताना पावसाबद्दल काहीतरी सांगायला गेला तर आम्ही दोघींनी त्याच्याकडे असं पाहिलं की तो वरणभात गिळून उठला. सुनेशी इतकं बोलणं माझं याआधी कधी झालं नव्हतं, आणि मला ते आवडत होतं.

उत्तर श्टाइगरकडून आलं, तेही त्याला उत्तर आहे हे ठाऊक नसताना. लहानपणी त्याने ती पट्टी लावताना पाहिली होती. माणसं खालून टेकू देऊन पट्टी दाबून धरत होती आणि वर मोज्यांची यंत्रं धडधडत होती. ती त्याच्या आठवणीत कधीच थांबली नाहीत, सणालासुद्धा नाही. कारखानदार म्हणाला होता की पट्टी खालून लागणार, मग वरचं काम कशाला थांबवायचं?

मुक्ता मटकन स्टुलावर बसली. "गेनाऊ, अगदी बरोबर," ती स्वतःशीच म्हणाली. मग तिने मला समजावलं, आणि ते मी जन्मात विसरणार नाही.

"समजा तुम्ही पाठीवर पोतं घेऊन उभ्या आहात. मी येऊन खालून हात लावला. माझ्या हातावर किती वजन येईल?"

मी म्हटलं, थोडं तरी येईल.

"काहीच नाही येणार. सगळं तुमच्याच पाठीवर राहणार. वरून आणखी काही ठेवलं तर त्यातला वाटा मला मिळेल. आधीच्यातला हवा असेल तर पोतं खाली ठेवायला पाहिजे, आणि मग दोघींनी मिळून उचलायला पाहिजे."

जुनी यंत्रं बीमच्या पाठीवर असताना पट्टी लावली, म्हणून तेवढं वजन बीमनेच वाहिलं. यंत्रं गेली, माझ्या चक्क्या आल्या, वजन पुन्हा जवळपास तेवढंच झालं. पट्टी इतकी वर्षं नुसती हात लावून उभी होती. मला त्या पट्टीची कीव आली, खरंच सांगते.

इथवर सगळं छान होतं. मग मुक्ता म्हणाली की आता जुनी पट्टी काढून नवी, जाड लावायची, टोकांना बोल्ट मारायचे, आणि त्याआधी वरचा मजला रिकामा करायचा. दोन्ही चक्क्या, दगड, झाडून सगळी पोती. बीम खालून जॅकने जरा उचलायचा आणि मग पट्टी चिकटवायची.

माझ्या डोक्यात तिडीक गेली. चकलीच्या भाजणीच्या ऑर्डरी तोंडावर होत्या. मी म्हटलं, गोंद वाळेपर्यंत चक्क्या बंद ठेवते, हवं तर धान्य भिंतीकडे सरकवते, पण रिकामं कशाला? पट्टी खालूनच लागणार ना?

बोलून झाल्यावर मलाच ऐकू आलं मी काय बोलले ते. अगदी मोजेवाल्या कारखानदाराचं वाक्य. मुक्ताच्याही ते लक्षात आलं असणार, पण तिने ते दाखवलं नाही. तिने एवढंच विचारलं की मला नक्की कशाची भीती वाटते.

कुणी असं सरळ विचारलं की मला खोटं बोलता येत नाही. मी तिला सांगितलं. राजस दर महिन्याला म्हणतो, आई आता पुरे, आराम कर. एकदा ती जागा रिकामी झाली, की ते दगड पुन्हा वर चढवायचं बळ माझ्यात नसेल. मनगट वर्षभर दुखतंय, कुणाला सांगितलं नाही. भरलेली चक्की मी मरेपर्यंत चालवीन. रिकामी पुन्हा भरता येईल असं वाटत नाही. त्या चक्कीशिवाय या गावात मी कोण आहे? राजसची आई, एवढंच.

मुक्ताने मला मिठी वगैरे मारली नाही, तशी ती नाहीच. म्हणाली, "वर चढवायला मी आहे. पण फोन घ्यायला नाही."

दुसऱ्या दिवशी मी तिला पोती हलवायला माणसं बोलवायला सांगितलं.

राजस, त्याचे दोन मित्र आणि श्टाइगर यांनी मजला रिकामा केला. दगड कप्पीने खाली उतरवले आणि राजसच्या गॅरेजमध्ये ठेवले. मी तेव्हा खाली मुक्ताशेजारी उभी होते. तिने बीमला घड्याळासारखं एक गेज लावलं होतं, आणि वरून एकेक पोतं गेलं की त्याचा काटा केसभर सरकायचा. मला वाटलं होतं काँक्रीट म्हणजे मेलेलं असतं. पण ते हलत होतं, वजन उतरेल तसं सावकाश वर येत होतं. शेवटी जॅक लावले तेव्हा श्टाइगरच्या मागच्या खोलीचं दार, जे वर्षानुवर्षं घासून उघडावं लागायचं, ते आपोआप उघडलं. त्याने दोनतीनदा उघडून मिटून पाहिलं, आणि आनंदाने आम्हाला कॉफी पाजली.

जुनी पट्टी तापवून सोडवली. तापलं की तो गोंद मऊ पडतो, म्हणून नव्या पट्टीवर शेवटी आगीपासून वाचवणारे बोर्ड बसवायचे होते. काँक्रीट घासून खडबडीत केलं, गोंदाचे दोन भाग कालवून थापले, पट्टी टेकूंनी दाबली. मग थांबणं आलं. गोंद वाळेपर्यंत इमारतीत धक्का नको, म्हणून श्टाइगरसुद्धा हातोडी वापरेना.

त्या दिवसांत मी घरी बसून राहीन असं राजसला वाटलं होतं. मी गॅरेजमध्ये जाऊन बसले. दगड बाहेर निघालेच होते तर टाकी लावून घ्यावी, म्हणजे पीठ बारीक यायला दगडावरच्या खाचा छिन्नीने पुन्हा उठवून घ्याव्यात. चार ठोके मारले आणि मनगटातून कळ आली. मुक्ता दारात उभी होती. खाचा मधून कडेकडे का जातात, कडेला उथळ का होतात, दाणा आधी फुटतो कुठे आणि दळला जातो कुठे, असे तिचे प्रश्न संपेनात. इतक्या वर्षांत हे मला कुणी विचारलं नव्हतं. मी सांगत गेले आणि सांगता सांगता छिन्नी तिच्या हातात दिली. पहिल्या खाचा वाकड्यातिकड्या आल्या. मी तसं सांगितलं, तिने त्या पुन्हा उठवल्या.

ऑक्टोबर संपायच्या आत तिच्या वरिष्ठांनी येऊन पट्टी ठोकून पाहिली, टेकू काढायला लावले, गेजकडे पाहिलं आणि सही केली. फ्राऊ हेबर्ले आली आणि पुन्हा गोड बोलली. या वेळी मीही गोड बोलले.

चक्क्या वर चढल्या, दगड बसले. दिवाळीच्या काही ऑर्डरी मी नाकारल्या होत्या, बाकीच्या होण्यासारख्या होत्या. उरलेली पोती जिन्याच्या तळाशी होती. मी सवयीने पहिलं ज्वारीचं पोतं पाठीवर घेतलं आणि जिना चढू लागले. मधल्या वळणावर दम लागला. मुक्ता वरून धावत आली आणि तिने पोत्याखाली हात घातला.

काहीच हलकं झालं नाही. सगळं माझ्याच पाठीवर होतं.

"थांब," मी म्हटलं. "आधी खाली ठेवू दे."

मी पोतं पायरीवर ठेवलं, पाठ सरळ केली आणि श्वास घेतला. मग एक टोक तिने धरलं, एक मी, आणि आम्ही ते उचललं.