यरुशलेमच्या वाटेतला ओव्हरसियर

वऱ्हाडात आधुनिक सिनेगॉग-वास्तुकलेचा आरंभ मी केला. हे विधान मी पूर्ण जबाबदारीनं करतो, कारण त्या कलेचा वऱ्हाडातला शेवटही माझ्याच हातून झाला आणि मध्ये दुसरं कुणी आलं नाही.

मी लोकल बोर्डाचा ओव्हरसियर. पुण्याच्या कॉलेजात इंजिनिअरिंग शिकून वाशीमला आलो आणि अठरा वर्षांत एकतीस मोऱ्या बांधल्या. मोरी म्हणजे रस्त्याखालून ओढ्याचं पाणी जाण्याची सोय. ती नीट झाली तर कुणाच्या लक्षात येत नाही आणि चुकली तर बैलगाडीसकट लक्षात येते. माझं नाव मागं राहील असं काही माझ्या हातून झालं नव्हतं, आणि चाळिशीनंतर माणसाला हे रोज जेवताना आठवू लागतं.

अशा मनःस्थितीत अडतीस सालच्या उन्हाळ्यात हसाजी नवगावकर माझ्याकडे आले. स्टेशनाजवळच्या कापसाच्या जिनात ते इंजिन सांभाळत. बेने इस्राएल, म्हणजे मराठी बोलणारे ज्यू, मूळचे कोकणातले.

"साहेब, एक खोली बांधून हवीय," ते म्हणाले. "प्रार्थनेची. आमच्यात तिला मशीदच म्हणतात. जिनाच्या मालकांनी कुंपणाबाहेरचा तुकडा दिलाय."

"इथं तुमची माणसं किती?"

"आम्ही दोघं. मी आणि बाबा." मग म्हणाले, "मोठ्या उपासाची प्रार्थना दहा पुरुषांत करावी लागते. गावी असताना बाबांनी एक वर्ष चुकवलं नाही. इथं आल्यापासून चार वर्षं खाटेवर एकटेच पुटपुटत बसतात. पाय गेलेत, मुंबईपर्यंत नेववत नाही. अकोला, खंडवा, पूर्णा, रेल्वेतले आमचे आठ जण येतो म्हणालेत. माझ्या क्वार्टरात दहा माणसं उभीसुद्धा राहायची नाहीत. तुम्ही नुसत्या चार भिंती द्या. बाबा म्हणतात, पुढच्या वर्षाचा भरवसा नाही."

नुसत्या चार भिंती देणारा माणूस मी नव्हेच. मुंबईच्या एका मित्रानं मला वास्तुकलेची इंग्रजी मासिकं पाठवली होती. त्यांत हॉलंडमधल्या एका नव्या सिनेगॉगचा, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनागृहाचा, नकाशा होता. सपाट छत, घुमट नाही, नक्षी नाही, गोल कोपऱ्यांच्या उभ्या खिडक्या, दारावर सिमेंटचा लांबलचक छज्जा आणि समोर सात पायऱ्या. मी तो नकाशा ट्रेसिंगच्या कागदावर उतरवला, एक चतुर्थांश केला, खाली सही केली आणि त्याला 'माझी कल्पना' म्हणू लागलो.

बांधकामाला दौलतराव गवंडी होता. माझ्या एकतीसही मोऱ्या त्यानंच बांधलेल्या. जोतं झालं त्या दिवशी तो थापी पुसत माझ्याकडे आला.

"साहेब, ते पोथी ठेवाचं कपाट पूर्वेच्या भिंतीत काहून?"

"नकाशात तसंच आहे."

"पन हे लोक याले मशीद म्हनतात ना? मशिदीत त पश्चिमेकडं तोंड करतेत."

"दौलतराव, हा नकाशा हॉलंडचा आहे."

"हॉलंड कोन्त्या तालुक्यात येते?"

"युरोपात."

"मंग तिकडचे लोक तिकडून पाहात असतीन. आपन इकडून पाहून राह्यलो."

मी त्याला म्हणालो की वास्तुकला हा थापीचा विषय नाही, बुद्धीचा आहे. त्यावर तो "असन बा" म्हणाला आणि पूर्वेच्या भिंतीत कपाट बांधायला गेला. हसाजी रोज संध्याकाळी येऊन बघत, कपाटापाशी थोडा वेळ उभे राहत आणि न बोलता जात. मला वाटे, माणूस भारावलाय.

उपासाच्या आदल्या संध्याकाळी आठ पाहुणे धर्मग्रंथाची गुंडाळी घेऊन गाडीतून उतरले आणि हसाजींनी ती कपाटात ठेवली. त्यांच्या जुन्या माणसांत या सणाला दारफाळणी म्हणतात, म्हणजे दार लावून घेऊन प्रार्थनेला बसायचा सण. सूर्य मावळायच्या आत सुरुवात व्हायला हवी होती. चौघांनी हसाजींच्या वडिलांना, अबाजींना, खुर्चीसकट सात पायऱ्या चढवून आत आणलं. मी इस्तरीचा कोट घालून दारात उभा राहिलो, म्हणजे कुणाला आभार मानायचे असतील तर शोधाशोध नको.

अबाजींनी कपाट पाहिलं. मग मान वळवून दाराकडे पाहिलं. माझ्या पाठीमागं सूर्य मावळत होता.

"हसाजी," ते म्हणाले, "यरुशलेम कुठल्या बाजूला?"

हसाजींनी खाली मान घातली. "पश्चिमेला, बाबा."

"आणि हे कपाट?"

हसाजींनी माझ्याकडे पाहिलं. माझ्या डोक्यात मात्र हॉलंड आणि वाशीम यांच्या बरोब्बर मध्ये यरुशलेम येऊन बसलं. तिकडून ते पूर्वेला, इकडून पश्चिमेला. मी कागद उतरवला होता, त्याबरोबर दिशाही उतरवली होती.

"तू रोज येत होतास," अबाजी म्हणाले. "बोलला नाहीस?"

"साहेब कॉलेजात शिकलेले. मला वाटलं, नव्या पद्धतीत असंच असतं."

बाहेर दौलतराव खोकला. त्या खोकल्यात पूर्ण वाक्य होतं.

चार वर्षांनी दहा माणसं जमली होती, ऊन वितभर उरलं होतं, आणि तोंड यरुशलेमकडे करावं तर पाठ धर्मग्रंथाकडे होत होती. अबाजी आता म्हणतील, मला खाटेवर न्या, असं मला वाटलं. मी मनात बदलीचा अर्ज लिहायला घेतला.

"कपाट साहेबांचं," अखेर अबाजी म्हणाले. "ग्रंथ आपला. तो काढा आणि तिपाईवर दाराशी ठेवा. खुर्ची फिरवा माझी."

ग्रंथाची गुंडाळी दोघांनी जपून आणली. खुर्ची फिरली, तिच्यामागं नऊ माणसं फिरली, आणि दहाही जणांनी माझ्याकडे तोंड करून माना लववल्या.

अठरा वर्षांत माझ्यापुढं कुणी मान लववली नव्हती. मी हात जोडले. "अहो, मी केवळ निमित्तमात्र—" अशी सुरुवातही केली.

"साहेब," अबाजी शांतपणे म्हणाले, "जरा बाजूला व्हा. तुम्ही यरुशलेमच्या वाटेत उभे आहात."

मी बाहेर झालो आणि दार लागलं. आतून म्हाताऱ्याचा आवाज आला, आधी चिरका, मग नऊ आवाजांच्या मधोमध घट्ट. सातव्या पायरीवर मी आणि दौलतराव बसून राहिलो.

"दार चांगलं बसलं ना साहेब?" दौलतराव म्हणाला. "फट नाई."

पुढच्या आठवड्यात मी दुरुस्तीचे तीन नकाशे काढले. ते हसाजींनी आदरानं घडी घालून ठेवले आणि दौलतरावाला बोलावलं. त्यानं पूर्वेच्या भिंतीला दार पाडलं, पश्चिमेचं दार बुजवून तिथं कपाट केलं. दोन दिवस लागले. अबाजी त्या दारानं आणखी दोन वर्षं मोठ्या उपासाला आत गेले.

माझा छज्जा आणि सात पायऱ्या आता मागच्या बाजूला आहेत. पायऱ्या चढून गेलं की भिंत लागते. दौलतरावाची बायको सोजरबाई तिथं मिरच्या वाळत घालते. पश्चिमेचं ऊन असल्यानं चार दिवसांत वाळतात.